फुटतुटीच्या वहीतला गोटा

मंगळ आणि गुरू यांच्या मधल्या पट्ट्यात एक दगड फिरतो आहे. सूर्याभोवती एक फेरी मारायला त्याला साधारण सव्वाचार वर्षं लागतात. तो इतका लहान आणि इतका लांब आहे की साध्या डोळ्यांना तर नाहीच, आमच्या शाळेच्या दुर्बिणीतूनही कधी दिसणार नाही. त्याच्या शोधाच्या प्रमाणपत्रावर माझं नाव आहे, आणि तो मी शोधलेला नाही. हे शेवटचं वाक्य लिहायला मला सात वर्षं लागली.

मी राहते कारंज्याला आणि शिकवते आसेगावच्या अलीकडच्या एका गावातल्या हायस्कूलमध्ये, विज्ञान. रोज एसटीनं जाते, एसटीनं येते. स्वभाव तापट. मुलं मला मागून काय म्हणतात ते मला माहीत आहे आणि ते खोटं नाही. एमएस्सी फिजिक्स झालेली बाई खेड्यात पडून राहिली, असं माझं स्वतःबद्दलचं मत होतं, आणि ते मी दिवसातून एकदा तरी कुणाला ना कुणाला ऐकवत असे.

आमच्या प्रयोगशाळेत एक परिचर होते. माझ्याहून दहा-बारा वर्षांनी मोठे, आसेगावचे. मी त्यांना भाऊ म्हणायची, ते मला मॅडम. मोरचुदाचं द्रावण कुठल्या बाटलीत, लोहचुंबक कुठल्या खणात, कुठल्या मुलाच्या हातात परीक्षानळी देऊ नये, हे सगळं त्यांना पाठ. शाळा सुटली की ते एक लांबोडकी वही घेऊन यायचे. फुटतुटीची वही. आज काय फुटलं, काय सांडलं, काय संपलं, ते त्यात त्यांच्या ठसठशीत अक्षरात असायचं. खाली माझी सही. मला बस गाठायची असायची, त्यामुळे एक पाय दाराबाहेर टाकूनच मी सही ठोकायची. इतक्या वर्षांत त्या वहीतली एक ओळ मी वाचली नसेल. त्यांनी माझं घर आपल्या नावावर लिहून घेतलं असतं तरी मी सही केली असती, असं मी स्टाफरूममध्ये हसत सांगायची. कुणी कुणाचं काय आपल्या नावावर करून घेतलं, ते पुढे येईलच.

सात वर्षांपूर्वी शाळांसाठीचा लघुग्रह शोधण्याचा एक उपक्रम मी आमच्या शाळेला लावून घेतला. त्यात रात्री गच्चीवर जायचं नसतं. परदेशातल्या एका डोंगरावरच्या मोठ्या दुर्बिणीनं काढलेले फोटो इंटरनेटवरून येतात. आकाशाच्या एकाच तुकड्याचे चार फोटो, काही काही मिनिटांच्या अंतरानं घेतलेले. ते कॉम्प्युटरवर एकामागून एक झरझर फिरवायचे. तारे जागच्या जागी राहतात. एखादा ठिपका सरळ रेषेत, सारख्या अंतरानं सरकताना दिसला तर तो लघुग्रह. आधीच्या यादीत तो नसला तर कदाचित नवा.

पहिल्या आठवड्यात मुलांनी कॉम्प्युटररूमला गर्दी केली. त्यांना शनीची कडी बघायची होती. पडद्यावर दिसायचा नुसता राखाडी गाळ आणि त्यात पांढरे दाणे. दुसऱ्या आठवड्यापासून खोलीत दोघंच उरलो. मी, कारण माघार घेणं माझ्या रक्तात नाही. आणि भाऊ, कारण खोलीची किल्ली त्यांच्याकडे होती आणि मी उठल्याशिवाय त्यांना कुलूप लावता येत नव्हतं.

मी तोवर दोन ठिपके पाठवले होते आणि दोन्ही परत आले होते. एक कॅमेऱ्याचा दोष निघाला, दुसरा काहीच नव्हता. त्या दुपारी मी चिडूनच फोटो फिरवत होते. भाऊ हातात फडकं घेऊन माझ्या मागे उभे होते.

"मॅडम," ते म्हणाले, "थे खालच्या अंगाचं चालून राह्यलं."

मी म्हटलं, भाऊ, तिथे काही नाही. ते म्हणाले, हाये. चारही फोटोत हाये, एकाच रेषेत, तेवढ्याच पावलानं. त्यांनी बोट लावलं. मी फोटो पुन्हा फिरवले, पुन्हा फिरवले. सातव्या-आठव्या वेळी मला तो दिसला. पिठातल्या किड्याएवढा, पण निघाला होता खरा.

त्यांना तो कसा दिसला, हे मी विचारलं. त्यांचं दोन एकर शेत जंगलाच्या कडेला आहे. रोही आणि रानडुकरं पिकात शिरतात म्हणून वर्षानुवर्षं जागल केलेली. ते म्हणाले, एका जागी टक लावून पाहायचं नसतं. नजर सगळ्या वावरावर मोकळी सोडून द्यायची. उभं झाड डोळा आपसूक सोडतो आणि हललेलं जनावर धरतो. माझ्या एमएस्सीत हे कुणी शिकवलं नव्हतं.

मी ठिपक्याचं मोजमाप घेतलं, यादी तपासली. यादीत तो नव्हता. मला आनंद व्हायला हवा होता. पण आधी मनात आलं ते दुसरंच. तीन आठवडे डोळे फोडले मी, आणि फडकं हातात घेऊन उभ्या असलेल्या माणसाला तो दिसला. हा मत्सर होता. आता त्याला दुसरं नाव देण्यात अर्थ नाही.

खोलीला कुलूप लावताना भाऊंनी विचारलं, "मॅडम, त्या कागदावर माह्यंबी नाव येईन का? पोरीले दाखवतो मंग." त्यांची मुलगी तेव्हा अकोल्याला शिकत होती.

"येईल की भाऊ," मी म्हटलं. "लिहीन मी."

नेहमीप्रमाणे त्यांनी वही पुढे केली, नेहमीप्रमाणे मी सही केली आणि बसकडे पळाले.

दुसऱ्या दिवशी अहवाल पाठवायचा होता. त्यात शोधणाऱ्यांची नावं भरायची होती. मी माझं नाव टाकलं, खाली भाऊंचं टाकलं. तेवढ्यात मुख्याध्यापक डोकावले. ते म्हणाले, एखाद्या विद्यार्थ्याचं नाव हवं, संस्थेच्या अध्यक्षांची नात आठवीत आहे, तिचं टाका. ती पोरगी एकदाच आली होती खोलीत, पहिल्या दिवशी, फोटोपुरती. मी विचारलं, परिचराचं नाव चालेल का? पण मी ते अशा आवाजात विचारलं की उत्तर 'नाही' यावं. ते म्हणाले, पाहा बा, तुमच्यावर आहे. आणि गेले.

म्हणजे मला कुणी अडवलं नव्हतं. नंतर मी स्वतःला सांगत राहिले की वरून दबाव होता. दबाव कसला, कप्पाळ. अध्यक्षांच्या नातीचं नाव भाऊंच्या खालीही टाकता आलं असतं, जागा होती. पण भाऊंचं नाव पाहून लोक काय विचारतील ते माझ्या डोळ्यांसमोर आलं: परिचराला सापडलं, मग मॅडम काय करत होत्या? मी कर्सर त्यांच्या नावाच्या शेवटी नेला आणि एकेक अक्षर मागे खात आले. आधी आडनाव गेलं.

ते आडनाव वाचलं की आमच्याकडे कुणालाही माणूस कुठल्या वस्तीतला ते कळतं. भाऊ बौद्ध. माझं सासर जमीनवाल्यांचं. जातीचा इथे काही संबंध नाही, असं मी कितीतरी दिवस मनाशी म्हटलं. मग एकदा स्वतःला साधा प्रश्न विचारला. माझ्या दिराला तो ठिपका दिसला असता तर त्याचं नाव मी खोडलं असतं का? नसतं खोडलं. मिरवलं असतं.

काही महिन्यांनी प्रमाणपत्र आलं. प्राथमिक शोध, असं त्यावर होतं, आणि दगडाला तात्पुरती ओळख म्हणून एक वर्ष, दोन अक्षरं आणि एक आकडा. शाळेत मांडव पडला. शाल, श्रीफळ, भाषणं. अध्यक्षांच्या नातीला आणि मला हार घातले. शाल-श्रीफळाचं ताट धरून कोण उभं होतं ते सांगायला नको. पेपरात फोटो आला, त्यात कडेला भाऊंचं कोपर आणि अर्धं ताट आहे. कार्यक्रम संपल्यावर ते पेढे घेऊन आले आणि म्हणाले, घ्या मॅडम, अभिनंदन. मी पेढा घेतला. त्या दिवशी मला लाज वाटली असती तर निदान काही तरी उरलं असतं. पण मी खूश होते. पेढा गोड लागला होता.

नावाचा विषय भाऊंनी कधीच काढला नाही. बोलले असते, भांडले असते तर मला बरं झालं असतं. भांडायला मी कधीही तयार असते. ते फक्त दोन-तीन महिन्यांनी एकदा, परीक्षानळ्या धुता धुता विचारायचे, आपला गोटा कुठवर गेला? आपला, असं म्हणायचे. मी घाईघाईनं सगळं सांगायची, जास्तच सांगायची. पृथ्वी सूर्यापासून आहे त्याच्या साधारण अडीच पट लांबून तो जातो. त्याची वाट पूर्ण गोल नाही, जराशी लांबट आहे. पृथ्वीच्या वाटेशी ती थोडी तिरकीही आहे. मग एकदा त्यांनी विचारलं, केवढा आहे?

मी सांगितलं, ते नक्की सांगता येत नाही. आपल्याला दिसतो तो फक्त त्याच्यावरून परत आलेला उजेड. दगड उजळ असेल तर तो एका किलोमीटरलाही थोडा कमीच भरेल. काळा असेल तर त्याच उजेडात तो दोन किलोमीटरच्या जवळपास असेल.

भाऊंनी नळी उपडी ठेवली. "म्हंजे काया असन तं मोठा असूनबी बारका वाटन," ते म्हणाले. "मंग रंग समजल्याबिगर माप काढू नये."

ते दगडाबद्दलच बोलत होते. पण चोराच्या मनात चांदणं. मला वाटलं, मला टोमणा मारला. त्या दिवशी मी त्यांच्यावर एका फुटक्या थर्मामीटरवरून इतकी ओरडले की नववीच्या वर्गापर्यंत ऐकू गेलं. थर्मामीटर माझ्याच हातून फुटला होता.

मधल्या काळात मी आदर्श शिक्षकाचा पुरस्कार घेतला. त्याच्या अर्जात पहिल्याच पानावर तो लघुग्रह होता. एक दिवस भाऊ म्हणाले, मॅडम, एक फेरी झाली असन आता. मी मनात हिशेब केला. खरंच, सव्वाचार वर्षं होऊन गेली होती. मला आठवण नव्हती, त्यांना होती.

गेल्या वर्षी ते निवृत्त झाले. निरोप समारंभात मी भाषण केलं आणि त्यात त्यांच्या प्रामाणिकपणाचं कौतुक केलं. जीभ झडली नाही माझी.

त्यांच्या जागी नवा माणूस आलाच नाही, पद रिकामंच आहे. त्यामुळे यंदा साठा तपासणीला कपाट मलाच उपसावं लागलं. त्याच आठवड्यात मेल आला होता. तुमच्या लघुग्रहाची कक्षा आता पक्की झाली आहे, त्याला कायमचा क्रमांक मिळाला आहे, शोधक म्हणून तुम्हाला त्याचं नाव सुचवता येईल. मी दोन दिवस त्याच धुंदीत होते. नावं काढत होते. सासूबाईंचं द्यावं की कारंज्याचं, असं चाललं होतं.

कपाटात फुटतुटीच्या वह्या वर्षाच्या क्रमानं लावलेल्या होत्या. तपासणीसाठी त्या वाचाव्याच लागणार होत्या. सात वर्षांपूर्वीची वही उघडली आणि बीकर, लिटमस, तोटी गळणारं ब्युरेट असं वाचत वाचत त्या तारखेला आले. भाऊंच्या अक्षरात लिहिलं होतं:

'फुटतूट निरंक. आज रोजी संगणक कक्षात चार फोटोंमध्ये हालणारा ठिपका दिसला. प्रथम मी पाहिला. मॅडमला दाखविला. मॅडमने मोजला.'

खाली माझी सही. बस गाठायच्या घाईची, शेपटी लांब ओढलेली.

मी तिथेच स्टुलावर बसले. सात वर्षं हा कागद माझ्याच कपाटात होता, माझ्याच सहीनिशी. हा माणूस कधीही तो उघडून अध्यक्षांपुढे, पेपरवाल्यापुढे, माझ्यापुढे ठेवू शकला असता. त्यांनी माझं नावसुद्धा गाळलं नव्हतं. मॅडमने मोजला, असं लिहिलं होतं. जेवढं मी केलं तेवढं, ना कमी ना जास्त. आयत्या बिळावर नागोबा होऊन बसले होते मी, आणि ज्यानं बीळ खोदलं तो रोज माझ्यासमोर नळ्या धूत होता.

रविवारी वही पिशवीत घालून आसेगावला गेले. भाऊ अंगणात तूर निवडत बसले होते. वहिनींनी चहा केला. बसमध्ये मी सगळं जुळवून ठेवलं होतं, कुठून सुरुवात करायची, काय म्हणायचं. त्यातलं काही आठवलं नाही.

"भाऊ, तुमचं नाव मी लिहिलं होतं," मी म्हटलं. "मग मीच खोडलं."

"मालूम हाये मले," ते म्हणाले. "हेडसरच्या खोलीत त्या कागदाची फ्रेम मीच तं ठोकली भितीवर. खिया ठोकता ठोकता वाचलं."

त्यांच्या आवाजात राग नव्हता, म्हणून मला जास्त लागलं. मी वही काढली आणि विचारलं की हे होतं तर तुम्ही दाखवलं का नाही. त्यांना प्रश्नच नीट कळला नाही. ती नोंद त्यांनी पुरावा म्हणून ठेवली नव्हती. "फुटलेलं रोज लेहतो आपन," ते म्हणाले. "एक डाव काई सापडलं, थे काहून नाई लेहाव?"

मग मी माझं देणं पुढे केलं. अजूनही मला वाटत होतं की मी काहीतरी देते आहे. सांगितलं की दगडाला नाव द्यायचा मेल आला आहे, आणि मी तुमचं नाव सुचवणार आहे. कायमचं राहील, जगभर. वहिनी दारातून ऐकत होत्या. भाऊंनी तुरीतला एक खडा वेचून बाजूला टाकला.

"माह्यं नाव नोका देऊ त्याले," ते म्हणाले. "नाव तं कोनाचंबी देते. पाह्यलं कोनं, थेवढं लेहा."

मला कळलं त्यांना काय हवं आहे. नाव देणारी मीच राहिले असते, मोठ्या मनाची. भाऊ ते नाव घेऊन माझ्या उपकाराखाली राहिले असते. आणि पाहिलं कुणी हे लिहायचं तर मला लिहावं लागेल की मी खोटं लिहिलं होतं. प्रमाणपत्र जाईल. पुरस्काराच्या अर्जाचं पहिलं पान खोटं ठरेल, आणि आज ना उद्या कुणीतरी ते वर काढेलच. अध्यक्षांच्या नातीचं नाव निघेल ते वेगळंच. हे सगळं एका क्षणात डोक्यातून गेलं, आणि पहिला विचार माझाच आला याची मला तिथे बसल्या बसल्या पुन्हा लाज वाटली.

"लिहीन मी, भाऊ," मी म्हटलं.

आणि तोंडातून शब्द बाहेर पडल्यावर ध्यानात आलं की सात वर्षांपूर्वी कॉम्प्युटररूमच्या दाराशी हेच म्हटलं होतं. ते त्यांच्याही ध्यानात आलं असावं. त्यांनी हात झटकले, घरातून पेन आणलं, वहीचं शेवटचं अर्धं कोरं पान उघडलं आणि त्याच ठसठशीत अक्षरात तीन ओळी लिहिल्या. मग नेहमीसारखी वही माझ्यापुढे धरली. माझा हात सवयीनं थेट खालच्या कोपऱ्याकडे, सहीच्या जागेवर गेला. त्यांनी पानावर तळवा ठेवला.

"वाचा मॅडम," ते म्हणाले. "मंग करा सही."

मी वाचलं. मनात नाही, मोठ्यानं, कारण ते वाट पाहत होते आणि वहिनीही. 'हालणारा ठिपका प्रथम परिचराने पाहिला. मॅडमने स्वतःच्या नावावर लिहिला. दुरुस्ती बाकी.' दुसऱ्या ओळीवर अडखळले. पुन्हा पहिल्यापासून वाचून काढलं. मग सही केली. वही मी परत मागितली नाही. भाऊंनी ती देव्हाऱ्याच्या जागी असलेल्या बुद्धाच्या फोटोशेजारच्या फळीवर ठेवली आणि म्हणाले, कागद गेला की सांगा, 'बाकी' हा शब्द खोडून टाकतो.

आसेगावच्या स्टँडवर बाकावर बसून मी मोबाइलवर मेल लिहायला घेतला. 'तो ठिपका आमच्या शाळेच्या प्रयोगशाळा परिचरांनी प्रथम पाहिला, मी नाही, आणि हे मला तेव्हाही माहीत होतं.' एवढंच वाक्य इंग्रजीत लिहायचं होतं. शेवटचा तुकडा मी चार वेळा लिहिला आणि चार वेळा पुसला. तेवढ्यात कारंज्याच्या दोन बस आल्या आणि गेल्या. मेल पाठवला तेव्हा तिसरी लागली होती, आणि मी अजून बाकावरच होते.